पीसीवरचा गेम टॅबवर : मातीच्या भिंती, कूलर आणि जाणारी लाईन

मोर्णाकाठ

मशीन : आय५-१०४००एफ, जीटीएक्स १६५० सुपर, १६ जीबी रॅम, विंडोज ११. फायबरचा डब्बा (राऊटर) सपरीत, पीसी आतल्या खोलीत. मधात मातीची दीड-दोन फुटी भिंत, वर टिन. पीसी वायफायच्या यूएसबी डोंगलवर. खेळायला अकरा इंची अँड्रॉइड टॅब आणि ब्लूटूथ कंट्रोलर.

स्टीम लिंकवर (पीसीवरचा गेम वायफायनं टॅबवर दाखवणारं ॲप) दहा-पंधरा सेकंद चित्र झकास, मग सगळे चौकोन चौकोन आणि आवाज तुटक. प्लॅन ५० एमबीपीएसचा आहे. तीन प्रश्न : १०० चा घ्यावा का? डेटा किती जाईल? आणि संध्याकाळी लाईन (वीज) दोन-तीनदा जाते, त्यावर काय करायचं?

---

पऱ्हाटी

प्लॅनला हात लावू नका. घरातल्या घरात खेळताना चित्र पीसीतून राऊटरकडे आणि राऊटरवरून टॅबकडे जातं, बाहेरच्या फायबरवर त्याचा एक थेंबही जात नाही. डब्ब्यावरचा लाल दिवा लागून इंटरनेट बंद असलं तरी गेम चालायला पाहिजे. म्हणून दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर शून्य.

तुमचा खरा घोळ डोंगलचा आहे. पीसी वायफायवर, टॅब वायफायवर, म्हणजे तेच चित्र त्याच चॅनलवरून दोनदा हवेत जातं, एकदा वर आणि एकदा खाली. एका वेळी एकच बोलू शकतो. त्यात डोंगल बहुतेक २.४ गिगाहर्ट्झचा, पीसीच्या मागच्या बाजूला, लोखंडी कॅबिनेटच्या आडोशाला खोचलेला. पीसी ते राऊटर वायर ओढा, अर्धं काम तिथंच होतं.

वायर घेताना तीन गोष्टी बघा. कॅट ५ई पुरते, कॅट ६ मिळाली तर उत्तम, आणि १०० मीटरपर्यंत काळजी नाही. वायर पूर्ण तांब्याची हवी. बाजारात स्वस्तात मिळते ती बरेचदा ॲल्युमिनियमवर तांब्याचा मुलामा दिलेली असते. एक टोक चाकूनं खरवडलं की आत पांढरं दिसतं. अशी वायर दोन-चारदा वाकली की तुटते, आणि तुटण्याआधी महिनाभर अधूनमधून दगा देते, हे जास्त वाईट. तिसरं, टिनाखालून किंवा बाहेरून न्यायची असेल तर काळ्या जाड आवरणाची बाहेरची वायरच घ्या, साधी करडी वायर उन्हात दोन उन्हाळ्यांत तडकते. धाब्यावरून किंवा माळ्यावरून नेली तर पीव्हीसी पाईपमधून न्या. उंदरांना निळी-करडी कोणतीही चालते.

राऊटरचे सगळे लॅन पोर्ट सारखे नसतात. स्वस्त डब्ब्यात एक गिगाबिट आणि बाकी १०० एमबीपीएसचे असतात. या कामाला १०० चाही भरपूर आहे, कारण १०८०पी ला २० एमबीपीएस लागतात.

---

मोर्णाकाठ

वायर घालता येईल, पंचवीसेक मीटर लागेल. मग स्टीम लिंकच ठेवू की दुसरं काही?

---

पऱ्हाटी

सगळे गेम स्टीमवरचे असतील तर स्टीम लिंक वाईट नाही, सेटिंग कमी आणि चालतं. पण बिघडलं की का बिघडलं हे नीट कळत नाही. मी सनशाईन आणि मूनलाईट सुचवीन. पीसीवर चित्र पाठवणारं सनशाईन, टॅबवर ते दाखवणारं मूनलाईट, दोन्ही फुकट आणि मुक्तस्रोत. मूनलाईट मुळात एनव्हिडियाच्या गेमस्ट्रीम या अशाच सोयीसाठी होतं. एनव्हिडियानं २०२३ मध्ये ती सोय शील्डवरून (त्यांच्या टीव्हीच्या डब्ब्यावरून) काढली, म्हणून जुन्या व्हिडिओत 'जीफोर्स एक्स्पीरियन्समध्ये जा, शील्ड टॅब उघडा' असं सांगितलेलं दिसलं तर तो व्हिडिओ सोडून द्या.

क्रम असा :

१. पीसीवर सनशाईन इन्स्टॉल करा. संपल्यावर त्याच पीसीच्या ब्राउझरमध्ये एचटीटीपीएस लावून लोकलहोस्ट आणि पोर्ट ४७९९० उघडा. ब्राउझर 'असुरक्षित' म्हणून ओरडेल. ते सर्टिफिकेट तुमच्याच मशीननं बनवलेलं असतं, पुढे जा. नाव-पासवर्ड ठरवा आणि कुठंतरी लिहून ठेवा.

२. विंडोजमध्ये हे नेटवर्क 'पब्लिक' नाही, 'प्रायव्हेट' करा. बाहेरून टाकलेला अँटीव्हायरस असेल तर त्याचा फायरवॉल वेगळा बघा. पीसी टॅबवर दिसतच नाही या तक्रारीची निम्मी कारणं इथं असतात.

३. टॅबवर मूनलाईट उघडा. पीसीचं चित्र आपोआप येतं. त्यावर टिचकी मारली की चार आकडी पिन दिसतो, तो सनशाईनच्या 'पिन' पानावर टाका. जोडणी एकदाच करायची.

४. आपोआप दिसलं नाही तर पीसीवर कमांड प्रॉम्प्टमध्ये आयपीकॉन्फिग देऊन जो १९२.१६८ ने सुरू होणारा आकडा येतो तो मूनलाईटमध्ये अधिकचं चिन्ह दाबून हातानं टाका. तरीही नाही, तर टॅब राऊटरच्या 'गेस्ट' नावाच्या वायफायवर आहे का बघा. गेस्टवरची उपकरणं एकमेकांना दिसत नाहीत. तो पीसीचा आकडा राऊटरमध्ये कायमचा बांधून टाका, नाहीतर लाईन गेल्यावर तो बदलतो आणि पुन्हा तेच.

तुमच्या १६५० सुपरमध्ये चित्र एन्कोड करायचं, म्हणजे पाठवण्यासाठी दाबून लहान करायचं, वेगळं यंत्र आहे, ते बरं आहे. 'एफ' प्रोसेसरला स्वतःचं ग्राफिक्स नसतं, त्यामुळे सगळा भार कार्डावरच. ज्यांना कार्ड घ्यायचं आहे त्यांनी एवढं लक्षात ठेवा : जीटी १०३० मध्ये एन्कोडर नाही, आणि आरएक्स ६४०० व ६५०० एक्सटी मध्येही नाही. स्वस्त म्हणून घेतात आणि मग प्रोसेसरवर एन्कोडिंग पडून गेमच रखडतो.

---

सरकीढेप

भाऊ, सगळे एक गोष्ट विसरून राह्यले. कूलर! आपल्याकडं एप्रिल ते जून घराघरात लोखंडी बॉडीचा कूलर खिडकीत बसते, अन् राऊटर बी त्याच खिडकीच्या वर खिळ्याले टांगलेला राह्यते, काहून का फायबरवाल्यानं वायर तिथूनच आत घेतली. पत्रा सिग्नल परतवते अन् वाळ्याच्या ओल्या ताट्या उरलेला पिऊन टाकतात. वायफायचं अन् पाण्याचं जमतच नाई. त्यात टॅब घेऊन माणूस बसते कुठं, तं कूलरच्या ऐन समोर. म्हणजे मधात पत्रा, पाणी, पुन्हा पत्रा.

राऊटर तीन-चार हात बाजूले घ्या, छातीइतक्या उंचीवर. टॅब अन् राऊटरच्या सरळ रेषेत कूलर नको. लोखंडी कपाट, गोदरेजची अलमारी, पाण्याची टाकी, हे बी त्याच जातीचे. अन् मातीची भिंत पावसाळ्यात ओली झाली का उन्हाळ्यापेक्षा जास्त सिग्नल खाते, म्हणून मे महिन्यात जमलेलं ऑगस्टमध्ये बिघडलं तं राऊटरले शिव्या देऊ नका.

---

तूरदाणा

वायरनंतरचा प्रश्न टॅबच्या बाजूचा. शहरी लेखांमध्ये सरसकट लिहिलेलं असतं की २.४ गिगाहर्ट्झ विसरा, ५ वापरा. ते अपार्टमेंटला खरं आहे, तिथं एका खोलीत चाळीस वायफाय दिसतात. गावात चार दिसतात. आणि ५ गिगाहर्ट्झ दोन फुटी मातीच्या भिंतीपलीकडे जवळपास संपतं. म्हणून खोलीनुसार ठरवा :

राऊटर असलेल्याच खोलीत किंवा उघड्या दारातून समोर बसत असाल तर ५. चॅनल ३६ ते ४८ किंवा १४९ ते १६१ मधला हातानं निवडा, रुंदी ८० मेगाहर्ट्झ. ५२ ते १४४ मधले चॅनल रडारसोबत वाटून घ्यावे लागतात. राऊटर मधेच उठून दुसऱ्या चॅनलवर जातो आणि तुमचा गेम लटकतो.

एका जाड भिंतीपलीकडे बसत असाल तर २.४, चॅनल १, ६ किंवा ११, रुंदी २० मेगाहर्ट्झ. ४० करू नका, मिळतं कमी आणि बिघडतं जास्त. २० च्या रुंदीवर एका अँटेनाच्या टॅबला ७२ एमबीपीएस जोडणी दिसेल, प्रत्यक्षात ३०-४० मिळाले तरी ७२०पी चे १० एमबीपीएस आरामात जातात. इथं एक मेख आहे. ब्लूटूथही २.४ वरच चालतं. कंट्रोलर ब्लूटूथ आणि वायफाय २.४ असं एकत्र आलं की बटण दाबल्यावर गडी अर्ध्या सेकंदानं उडी मारतो. अशा वेळी कंट्रोलर वायरनं, टाईप-सी ओटीजी लावून जोडा. काही फोनमध्ये ओटीजी सेटिंगमधून चालू करावं लागतं आणि दहा मिनिटं वापरलं नाही की आपोआप बंद होतं. कंट्रोलर मेला असं वाटतं, मेलेला नसतो.

दोन भिंतींपलीकडे बसायचं असेल तर रिपीटर घेऊ नका. तो तेच चित्र पुन्हा हवेतूनच ऐकतो आणि पुन्हा बोलतो, वेग निम्मा आणि वेळ अनिश्चित. त्यापेक्षा घरात पडलेला जुना राऊटर ॲक्सेस पॉइंट म्हणून लावा. त्याच्या सेटिंगमध्ये जाऊन आधी त्याचा लॅन पत्ता १९२.१६८.१.२ करा (मुख्य राऊटर १.१ असेल असं धरून), मग डीएचसीपी (उपकरणांना पत्ते वाटायची सोय) बंद करा, वायफायचं नाव-पासवर्ड मुख्यसारखंच ठेवा, चॅनल मात्र वेगळा. मुख्य राऊटरच्या लॅन पोर्टातून येणारी वायर याच्याही लॅन पोर्टात घाला, वॅनमध्ये (बाहेरच्या इंटरनेटच्या पोर्टात) नाही. वॅनमध्ये घातली की दोन वेगळी जाळी तयार होतात आणि मूनलाईटला पीसी सापडत नाही.

---

सरकीढेप

अन् ज्याच्या घरी फायबरच नाई, त्यानं काय करावं? राऊटर घ्यायले पैसे घालाचे का?

---

तूरदाणा

नाही घातले तरी जमते. फोनचा हॉटस्पॉट लावा, बँड ५ गिगाहर्ट्झ निवडा, पीसी त्यावर जोडा आणि त्याच फोनवर मूनलाईट चालवा. हवेतून एकच उडी होते. मोबाईल डेटा बंद ठेवला तरी चालतं, उलट बंदच ठेवा, नाहीतर विंडोज गुपचूप अपडेट उतरवून दीड जीबीचा रोजचा पॅक पाच मिनिटांत फस्त करते. फोन स्वतःच हॉटस्पॉट असला की पीसी आपोआप दिसेलच असं नाही, पत्ता हातानं टाका. हे काम एका खोलीपुरतं, आणि फोन तापतो.

---

फेजगेला

आता लाईन. तीन वेगवेगळे प्रश्न आहेत, लोक त्यांची खिचडी करतात.

पहिला, राऊटर. १२ व्होल्टचा मिनी यूपीएस घ्या. घेण्याआधी राऊटरच्या ॲडॉप्टरवरचा आकडा वाचा, १२ व्होल्ट १ अँपिअर की दीड की दोन. पिनही बघा, बहुतेक ५.५ बाय २.१ मिमी असते पण २.५ ची निघाली तर सैल बसते आणि हलली की राऊटर रीस्टार्ट. २०००एमएएचचे तीन सेल असलेला मिनी यूपीएस म्हणजे साधारण २२ वॅट-तास, आठ-दहा वॅट खाणाऱ्या राऊटरला दोन तास. वर पऱ्हाटी म्हणाले तेच इथं कामी येतं : गावची लाईन गेली की पुढचं फायबरचं यंत्र बंद पडतं, लाल दिवा लागतो, पण घरातलं वायफाय जिवंत असतं आणि तेवढंच पाहिजे. फक्त एक करा, टॅबमध्ये सिम असेल तर मोबाईल डेटा बंद. 'या वायफायवर इंटरनेट नाही' असं म्हणून अँड्रॉइड स्वतःहून डेटावर उडी मारतो आणि मूनलाईट तुटतं. स्टीमही आधीच ऑफलाईन मोडमध्ये टाकून ठेवा.

दुसरा, पीसी. इन्व्हर्टर साइन वेव्हचाच हवा. स्क्वेअर वेव्हवर चांगल्या एसएमपीएसची (पीसीच्या पॉवर सप्लायची) चुळबुळ सुरू होते, काही तर लोड बदलताक्षणी बंद पडतात. इन्व्हर्टरच्या मागच्या बाजूला बटण असते, ते 'यूपीएस' मोडवर. पीसीचा एसएमपीएस पूर्ण लोडवर लाईनशिवाय साधारण १६-१७ मिलिसेकंद तग धरतो. साध्या मोडमध्ये इन्व्हर्टरला पालटायला त्याहून जास्त वेळ लागतो, आणि मशीन रीस्टार्ट.

पण थांबा, त्या बटणात खेडेगावाची एक गंमत आहे. यूपीएस मोड साधारण १८० व्होल्टच्या खालची लाईन घेतच नाही. संध्याकाळी सात ते दहा सगळ्या गावाचे कूलर आणि दिवे एकदम लागतात, डीपीवर (गावच्या ट्रान्सफॉर्मरवर) लोड येतो, घरात १७० मिळतात. दिवे लागलेले दिसतात, तुम्हाला वाटते लाईन आहे, आणि इन्व्हर्टर तासभर बॅटरीवर चालू असतो. मग खरंच लाईन गेली की दहा मिनिटांत सगळं ठप्प. इन्व्हर्टरच्या पॅनलवर 'मेन्स' दिवा आहे का, ते खेळायला बसण्याआधी बघायची सवय लावा. नसेल तर आधी स्टॅबिलायझर, मग इन्व्हर्टर, मग पीसी, या क्रमानं.

बॅटरीचा हिशेब : १५० एएच, १२ व्होल्ट म्हणजे १८०० वॅट-तास. निम्म्यापेक्षा खाली नेऊ नका, म्हणजे ९००. रूपांतरात पाचवा हिस्सा जातो, उरले ७२०. तुमचं मशीन गेममध्ये मॉनिटर सोडून २०० वॅटच्या आसपास, एक पंखा ७०. म्हणजे अडीच तास आणि थोडं वर. कूलर त्यावर टाकाल तर दीड तासाची भाषा बोला.

एसएमपीएसच्या लेबलवर इनपुट काय लिहिलं आहे तेही बघा. १००-२४० लिहिलं असेल तर कमी व्होल्टेजची चिंता मिटली. २००-२४० असेल तर १७० वर तो कोणत्या क्षणी हात वर करेल सांगता येत नाही.

तिसरा प्रश्न, लाईन आल्यावर पीसी परत चालू करायचा. वेक-ऑन-लॅन, म्हणजे नेटवर्कवरून पीसी उठवणं, सगळे सांगतात. त्यासाठी बायोसमध्ये ते चालू करा, ईआरपी (वीज वाचवायची सेटिंग) बंद करा, विंडोजमध्ये 'फास्ट स्टार्टअप' बंद करा, नेटवर्क कार्डाच्या गुणधर्मात 'वेक ऑन मॅजिक पॅकेट' चालू. मग मूनलाईटमधूनच पीसी उठतो. पण लाईन पूर्ण तुटून आली असेल तर बऱ्याच मदरबोर्डांचं नेटवर्क कार्ड, मशीन एकदा सुरू झाल्याशिवाय, ऐकतच नाही. म्हणून बायोसमध्ये 'रिस्टोर ऑन एसी पॉवर लॉस' हे 'पॉवर ऑन' करा. लाईन आली की पीसी स्वतः सुरू. तोटा असा की रात्री तीनला लाईन आली तरी तो सुरू होईल. तेव्हा विंडोजमध्ये अर्ध्या तासानं झोपायची सेटिंग ठेवा.

कॅबिनेटला हात लावल्यावर झिणझिण्या येत असतील तर घराला अर्थिंग नाही. ते आधी करा, गेम नंतर.

---

मोर्णाकाठ

वायर ओढली, सनशाईन-मूनलाईट लावलं. चित्र चौकोनी होणं बंद. पण मॉनिटर बंद केला की टॅबवर काळा पडदा, आणि मूनलाईटमधला आकड्यांचा पट्टा चालू केला तर त्यातलं काही कळत नाही. डिकोडिंग २८ मिलिसेकंद दाखवतं, नेटवर्क ४, होस्ट ५.

---

पऱ्हाटी

काळा पडदा : मॉनिटर काढला किंवा पूर्ण बंद केला की विंडोजला दाखवायला पडदाच उरत नाही, मग सनशाईन टिपणार काय? दोन उपाय. एचडीएमआय डमी प्लग, बोटाच्या पेराएवढा, कार्डाच्या मोकळ्या पोर्टात खोचला की कार्डाला मॉनिटर असल्याचं वाटतं. किंवा व्हर्च्युअल डिस्प्ले ड्रायव्हर. प्लग सोपा, विंडोज अपडेटनं बिघडत नाही.

पट्टा असा वाचा :

'नेटवर्कमुळे गळलेल्या फ्रेम' शून्याच्या जवळ हव्यात. एक-दोन टक्क्यांच्या वर गेल्या तर दोष वायफायचा. भिंत, कूलर, चॅनल बघा.

'नेटवर्क लेटन्सी', म्हणजे वाटेत जाणारा वेळ, ४ म्हणजे छान. आकड्यापेक्षा त्याची चढउतार महत्त्वाची. कायम १२ असला तर हात सरावतो, ३ वरून ९० वर उड्या मारत असेल तर नाही.

'होस्ट', म्हणजे पीसीला लागणारा वेळ, ५ म्हणजे कार्ड वेळेत एन्कोड करतंय. हा २० च्या वर गेला तर गेम कार्डाला शंभर टक्के पिळतोय. गेममध्ये ६० एफपीएसची मर्यादा घाला. लोक उलट करतात, एफपीएस मोकळा सोडतात, कार्डाला चित्र टिपायला सवड उरत नाही आणि गेममध्ये ९० दिसत असताना टॅबवर ४० पोचतात.

'डिकोडिंग' २८ हा तुमचा खरा आजार. ६० एफपीएसला एक फ्रेम १६.७ मिलिसेकंदांची. टॅबला चित्र उलगडायला त्याहून जास्त वेळ लागतो म्हणजे रांग लागणारच. कोडेक, म्हणजे चित्र दाबून पाठवायची पद्धत, बदला.

---

तूरदाणा

एचईव्हीसी (नवा कोडेक) असेल तर एच.२६४ (जुना) करा. स्वस्त चिपांचा एचईव्हीसी डिकोडर कागदावर असतो, पण सुस्त असतो.

---

पऱ्हाटी

सरसकट नाही. काही चिपांवर उलटंही होतं. दोन्ही लावून, दोन-दोन मिनिटं खेळून आकडा बघायचा, वाद घालायचा नाही. घरात बिटरेटची (सेकंदाला जाणाऱ्या डेटाची) टंचाई नसल्यानं एच.२६४ चा तोटा जाणवत नाही. बाहेरून खेळताना मात्र एचईव्हीसी, तिथं प्रत्येक एमबीपीएस मोजून मिळतो. एव्ही१ (आणखी नवा कोडेक) चं नाव तुमच्या कार्डाला नको, एनव्हिडियात आरटीएक्स ४० मालिकेपासून पुढेच ते एन्कोड होतं.

आणि अकरा इंचावर ७२०पी लावून बघाच. डिकोडिंगचं ओझं निम्म्याहून कमी होतं. नाही रुचलं तर १०८०पी वर परत या. फक्त ज्या गेममध्ये बारीक अक्षरं आहेत तिथं आधी गेममधला यूआय स्केल वाढवा.

---

तर्रीपोहा

पीसी गावी, आणि खेळणारा नागपूरला होस्टेलवर. घरचं फायबर ३० एमबीपीएसचं. राऊटरमध्ये पोर्ट उघडून झाले, काहीच होत नाही.

---

तूरदाणा

राऊटरच्या पानावर वॅनचा (बाहेरच्या बाजूचा) पत्ता बघा. तो १०० ने सुरू होत असेल, म्हणजे १००.६४ ते १००.१२७ मधला, किंवा १० ने, तर तुम्ही कंपनीच्या सामायिक पत्त्यामागे आहात. एका सार्वजनिक पत्त्यामागे शेकडो घरं. तुमच्या राऊटरवर पोर्ट उघडून उपयोग नाही, फाटक त्याच्याही पलीकडे आहे. आणि उघडता येत असलं तरी ४७९९० कधीच बाहेर उघडू नका, ते सनशाईनचं नियंत्रण पान आहे.

टेलस्केल (लांबची उपकरणं एका खासगी जाळ्यात जोडणारं ॲप) घ्या, वैयक्तिक वापराला फुकट. पीसी आणि फोन दोन्हीवर एकाच खात्यानं लॉगइन. पीसीला १०० ने सुरू होणारा खासगी पत्ता मिळतो (वरच्याशी गोंधळू नका, मालिका तीच असली तरी हा तुमच्या जाळ्यातला). तो मूनलाईटमध्ये हातानं टाका. जोडणी आधी घरी असतानाच करून घ्या, नाहीतर पिन टाकायला घरच्यांना फोन करून 'आई, ब्राउझर उघड' इथपासून सुरुवात होते.

मग पीसीवरून फोनला 'टेलस्केल पिंग' द्या. उत्तरात 'डर्प' आलं तर दोघं थेट भेटलेले नाहीत, मधल्या रिलेवरून बोलतायत. गेमला ते पुरत नाही. दोन्हीकडे आयपीव्ही६ (इंटरनेट पत्त्यांची नवी पद्धत) असेल तर थेट भेट बहुतेक होते. घरच्या फायबरच्या डब्ब्यात ते अनेकदा बंद ठेवलेलं असतं, चालू करा.

वेग घरचा अपलोड ठरवतो, होस्टेलचा डाऊनलोड नाही. वेगचाचणीत अपलोड जितका येईल त्याच्या ७० टक्क्यांच्या आत बिटरेट ठेवा. ७२०पी ३० फ्रेमला ५ एमबीपीएस पुरतात. इथं मात्र डेटा जातो : ५ एमबीपीएस म्हणजे तासाला सव्वादोन जीबी, १० म्हणजे साडेचार. दोन जीबीचा रोजचा पॅक १० वर सत्तावीस मिनिटांत संपतो. होस्टेलचं वायफाय असेल तरच याच्या नादी लागा. शेतीचे, गाड्यांचे, पाळीपाळीनं खेळायचे गेम चालतील. नेमबाजी नको.

---

सरकीढेप

उन्हाळ्याचं एक राह्यलं. खोलीत ४२ अंश असले तं कार्ड खोलीच्या वरतीच तापते ना. एनव्हिडियाचं कार्ड ८३ च्या आसपास स्वतःच हात आखडते. आफ्टरबर्नरमध्ये (कार्डाची सेटिंग बदलायचं सॉफ्टवेअर) पॉवर लिमिट ८० टक्के करा, पाच-सात एफपीएस जातीन, तापमान चांगलं उतरते. कूलरची हवा थेट कॅबिनेटमध्ये सोडू नका. थंड लागते पण ओली राह्यते, काळ्या मातीची धूळ त्यात चिकटून हीटसिंकवर लिंपण बसते. अन् दिवाळीनंतर घरात कापूस साठवला असन तं पंध्रा दिवसानं जाळी साफ करा, रुई पंख्यात जाऊन गादी तयार होते. ब्रशनं काढा, पंखा बोटानं धरून, ब्लोअरनं गरगर फिरवू नका.

टॅब बी चार्जिंगले लावून खेळाचा नाई. चार्जिंगची गरमी अन् डिकोडची गरमी एकत्र आली का तो वीस मिनिटांत मंद होते.

---

मोर्णाकाठ

एच.२६४ वर डिकोडिंग ९ वर आलं. डमी प्लग मागवला. आता एकच : सगळं गुळगुळीत, पण दर अर्ध्या-एक मिनिटानं एक झटका. तेवढ्यापुरती लेटन्सी ४ वरून १२० वर जाते आणि परत.

---

तूरदाणा

ठराविक वेळानं येतो म्हणजे टॅब इतर वायफाय हुडकतोय. तेवढा वेळ त्याचा रेडिओ तुमचा चॅनल सोडून बाकीच्यांची चौकशी करून येतो. सेटिंगमध्ये लोकेशन, त्यात 'वायफाय स्कॅनिंग' आणि 'ब्लूटूथ स्कॅनिंग', दोन्ही बंद. खेळताना लोकेशनही बंद. बॅटरी सेव्हर काढा आणि मूनलाईटला 'अनिर्बंध' बॅटरी द्या.

आयपॅडवाल्यांना हाच झटका एअरड्रॉपमुळे येतो. त्यांनी राऊटरचा चॅनल ४४ किंवा १४९ करावा, एअरड्रॉप त्याच चॅनलवर बोलतं, मग उडी मारावी लागत नाही.

---

मोर्णाकाठ

स्कॅनिंग बंद केलं, झटका गेला. कंट्रोलर टॅबला दिसतो, मूनलाईटला दिसतो, गेमला नाही.

---

पऱ्हाटी

पीसीवर व्हिजेमबस ड्रायव्हर (टॅबवरचा कंट्रोलर पीसीलाच जोडलेला असल्याचं गेमला दाखवणारा) टाका आणि एकदा रीस्टार्ट. गेम चालू करण्याआधी कंट्रोलर जोडलेला असू द्या. माऊस लागला तर कंट्रोलरचं स्टार्ट बटण दाबून धरा, काठीनं बाण फिरतो. कीबोर्ड हवा तर पडद्यावर तीन बोटांनी एकदम टिचकी.